टेपचे वेढे, नळाचे आटे

कोल्हापुरात आमचं नळाच्या सामानाचं दुकान आहे. वडिलांनी सुरू केलं, आता मी बसतो. गल्ल्याशेजारी प्लास्टिकच्या बरणीत टेफ्लॉन टेपची रिळं असतात. दुकानातली ही जवळजवळ सगळ्यात स्वस्त वस्तू. गिऱ्हाईक नळाच्या भावावर अर्धा तास घासाघीस करतं, पितळ किती, प्लेटिंग टिकेल का, गॅरंटी किती वर्षांची, आणि निघताना म्हणतं, "आणि एक टेप टाका त्यात." टेपबद्दल कोणी काही विचारत नाही. मग चार दिवसांनी तेच गिऱ्हाईक पुन्हा दारात: "नळ गळतोय हो तुमचा!" नळ फार क्वचित गळत असतो. गळत असतो तो जोड, आणि जोड का गळतो हे बघायला त्यांच्या घरी गेलो की बहुतेक वेळा उत्तर त्या बरणीतल्या वस्तूपाशीच येऊन थांबतं. या दुकानात बसून आणि लोकांच्या मोरीत वाकून जे कळलं ते इथे मांडतो.

१. टेपला चिकट बाजू नसते.

हे हसण्यावारी नेऊ नका. रीळ हातात घेऊन "चिकट बाजू कुठली?" असं विचारणारे शिकलेसवरलेले लोक मला भेटतात. त्यांचा दोष नाही. टेप म्हटली की चिकटणारच, ही आपली समजूत. वायरिंगवाल्याची काळी टेप चिकटते, खोक्यावरची तपकिरी टेप चिकटते, मग हीच का नाही? आणि ही चिकटत नाही म्हटल्यावर काही जण नळ लावून झाल्यावर, गळणाऱ्या जोडावर बाहेरून टेप गुंडाळतात. भरपूर गुंडाळतात. अगदी जखमेला पट्टी बांधावी तशी. पाणी त्या पट्टीतून आरामात बाहेर येतं, कारण बाहेरून लावलेली टेप काहीही करू शकत नाही. तिची जागा आट्यांच्या आत.

मुळात ही टेप ज्या पदार्थाची आहे, त्याची ख्यातीच न चिकटण्याबद्दल आहे. पॉलिटेट्राफ्लुओरोइथिलीन हे त्याचं लांबलचक नाव. नॉनस्टिक तव्यावर असतं तेच. रॉय प्लंकेट नावाचा तरुण रसायनशास्त्रज्ञ अमेरिकेत न्यू जर्सीमधल्या ड्यूपाँच्या प्रयोगशाळेत शीतकपाटांत वापरायच्या वायूवर काम करत होता. ६ एप्रिल १९३८ रोजी एका सिलिंडरमधून वायू यायचा बंद झाला, पण वजन बघावं तर सिलिंडर रिकामा नव्हता. कापून पाहिला तेव्हा आत मेणासारखी गुळगुळीत पांढरी भुकटी मिळाली. वायूचे रेणू आपसांत साखळीनं जोडले गेले होते. ही भुकटी आम्लाला दाद देत नव्हती, कशालाही धरून राहत नव्हती. दुसऱ्या महायुद्धात अणुबाँबच्या कामासाठी युरेनियमचा अतिशय दाहक वायू हाताळायचा होता, तेव्हा त्या यंत्रणेतल्या जोडांना ती कामी आली. आपल्या मोरीतल्या नळापर्यंत ती नंतर पोचली.

मग न चिकटणारी वस्तू जोडात काय करते? दोन कामं. पहिलं, वंगणाचं. कोरडे आटे एका मर्यादेनंतर एकमेकांवर घासून अडतात. टेप असली की तेवढ्याच जोरात नळ आणखी आत जातो. दुसरं, भरावाचं. आट्यांच्या टोकाशी आणि तळाशी जी बारीक पोकळी राहते, तिच्यात ही मऊ टेप दाबली जाऊन बसते. नसती तर पाणी त्या पोकळीतून आट्यांच्या वळणावळणानं बाहेर आलं असतं. एवढंच. टेप डिंक नाही आणि सिमेंटही नाही.

२. पाणी अडवतात ते आटे.

हे मला दुकानात नव्हे, शिवाजी उद्यमनगरात कळलं. आमच्या कोल्हापूरच्या उद्यमनगरात लेथवर बसणारी माणसं अशी आहेत की, डोळ्यांनी बघून आटे किती खराब झालेत ते सांगतील. अशाच एका टर्नर मामांकडे मी एक न बसणारा निपल (दोन्ही टोकांना आटे असलेला पाइपाचा छोटा तुकडा) घेऊन गेलो होतो. त्यांनी निपल कॅलिपरमध्ये धरला, टोकाशी माप घेतलं, मग मागच्या बाजूला घेतलं आणि म्हणाले, "ह्यो सरळच पाडलाय की. पाण्याच्या पायपाचा आटा निमुळता पायजे."

लोखंडी पाइपाला जे आटे पाडतात ते टोकाकडे निमुळते असतात. दर सोळा मिलिमीटर लांबीला व्यासात एक मिलिमीटर फरक. डोळ्याला दिसत नाही, पण फिरवत आत गेलं की जोड अधिकाधिक घट्ट होत जातो तो यामुळेच. या आट्यांचा कोन ५५ अंशांचा. तो ठरवला इंग्लंडच्या जोसेफ व्हिटवर्थनं १८४१ मध्ये, आणि आपल्याकडचं आयएस ५५४ हे मानक आजही तोच कोन धरून चालतं. अर्ध्या इंची पाइपाला इंचात चौदा आटे. (अर्धा इंच म्हणजे बाहेरून मोजाल तर साधारण २१ मिलिमीटर भरतो. गिऱ्हाईक घरून पट्टीनं मोजून येतं आणि "पाऊण इंचाचा द्या" म्हणतं, तेव्हा मी हमखास विचारतो, बाहेरून मोजलंत का?)

आता अडचण अशी की, बाजारात मिळणाऱ्या पुष्कळ नळांचे आटे जवळजवळ सरळ असतात, त्यांना निमुळतेपणा नसतो. भिंतीतला एल्बो (काटकोनी जोड), त्यात हा सरळ नळ. इथे घट्टपणा आपोआप येत नाही. टेपवर जास्त भार पडतो. त्यात आटे आखूड पाडलेले असले, प्लेटिंगचा थर जाड बसलेला असला किंवा पाच-सहा आट्यांऐवजी तीनच आत जात असले, तर जगातली उत्तम टेप आणून काही उपयोग नाही. म्हणून नळ निवडताना त्याची चकाकी बघण्याआधी तो उलटा धरून मागचे आटे बघावेत. कड धारदार आहे का, सगळीकडे सारखी खोली आहे का, कुठे दबलेत का. हे बघायला पैसे पडत नाहीत, पण दहातला एखादाच बघतो.

अमेरिकेहून मुलानं आणलेला शॉवर घेऊन येणारे आईवडील, हा आणखी एक नेहमीचा प्रकार. तिथल्या पाइपांच्या आट्यांचा कोन ६० अंशांचा. अर्ध्या इंचात मात्र आट्यांची संख्या तिथेही चौदाच, त्यामुळे शॉवर आपल्या पाइपावर फिरतो आणि बसल्यासारखा वाटतो. अर्ध्या आणि पाऊण इंचात टेप जास्त लावून कित्येकदा निभावून जातं. एक इंचात नाही. तिथे आपले अकरा आटे आणि त्यांचे साडेअकरा, दोन-तीन फेऱ्यांत अडकतं. जोर लावला तर दोन्हीकडचे आटे जातात. दोन्ही प्रकारचे आटे असलेला अॅडॉप्टर मिळतो, तो घ्यावा.

३. जुनं सगळं काढा, मगच नवं लावा.

भिंतीतल्या फिटिंगच्या आत जुन्या टेपचे तुकडे, तागाचे केस आणि क्षार बसलेले असतात. उपनगरांत बोअरचं पाणी असेल तर क्षारांचा पांढरा थर दगडासारखा होतो. जुना टूथब्रश, त्यानं नाही निघालं तर तारेचा ब्रश, आणि खाचेतल्या टेपसाठी दाभण. मग कोरड्या फडक्यानं पुसून घ्यायचं. नळाच्या आट्यांवर जुन्या टेपवरच नवी टेप चढवणं हा सगळ्यात लोकप्रिय आळस आहे. जुनी टेप आधीच दबून, फाटून, सरकून गेलेली असते. तिच्यावर नवी कितीही चढवा, खालचा थर सरकला की वरचा त्याच्याबरोबर जातो.

४. वळण घड्याळाच्या काट्यांच्या दिशेनं.

नळ डाव्या हातात धरा, आट्यांचं तोंड आपल्याकडे. टेप घड्याळाचे काटे फिरतात त्या दिशेनं गुंडाळत जायची. कारण साधं आहे: नळ आत बसवताना आपण तो ज्या दिशेनं फिरवतो, त्या दिशेला टेप आवळत गेली पाहिजे. उलटी गुंडाळली तर नळ आत जाताना टेपचं टोक फिटिंगच्या कडेला अडकतं, टेप उकलते आणि गोळा होऊन बाहेर येते. नळ बसवल्यावर जोडाच्या तोंडाशी पांढऱ्या झिरमिळ्या लोंबत असतील, तर नव्वद टक्के खात्री बाळगा की वळण उलटं होतं. डावखुऱ्यांनी रीळ कुठल्याही हातात धरावं, पण दिशा हीच.

गुंडाळताना टेप ताणून धरायची, इतकी की खालचे आटे तिच्यातून उठून दिसले पाहिजेत. सैल गुंडाळलेली टेप आट्यांत बसत नाही, वर तरंगते आणि पहिल्या फेरीला मागे लोटली जाते. प्रत्येक वेढा आधीच्या वेढ्यावर निम्मा चढवायचा. तोडताना कात्री लागत नाही. टेप बोटात धरून झटक्यात खेचली की तुटते, आणि ताणल्यामुळे टोक पातळ होऊन आपसूक बसतं. मग अंगठ्यानं आट्यांच्या दिशेनं एकदा दाबून घ्यायचं.

पुढचा पहिला आटा उघडा ठेवायचा. तो फिटिंगमध्ये नळाला वाट दाखवतो. त्याच्यावर टेप असली तर नळ तिरका धरला जातो, आणि तिरका धरलेला नळ दोन फेऱ्यांतच पितळेचे आटे खातो. टेप तोंडाच्या पुढे लोंबत ठेवली तर तिचे तुकडे पाण्यात जातात. ते कुठे जाऊन बसतात ते शेवटी येईलच.

५. वेढे किती, याचं एक उत्तर नाही.

"किती गुंडाळू?" हा प्रश्न जे विचारतात त्यांच्याबद्दल मला आदर आहे. पण उत्तर टेपवर अवलंबून आहे. सर्वसाधारण पांढरी टेप सुमारे ०.०७५ मिलिमीटर जाडीची, १२ मिलिमीटर रुंदीची, रिळात दहा मीटर. त्यातही एक हलकी असते, ताणली की जाळी होते, बोटात विरते. आणि एक घट्ट विणीची वाटते, हाताला जड लागते. हलकीचे दहा-बारा वेढे जे करतील ते जडचे पाच-सहा करतात. परदेशातल्या पुस्तिकांत तीन-चार वेढे सांगितलेले असतात. ते तिथल्या निमुळत्या, नेटक्या आट्यांसाठी आणि जाड टेपसाठी ठीक. आपल्याकडच्या सरळ आट्यांच्या नळाला तीन वेढ्यांवर भागत नाही, हे कुठलाही प्लंबर सांगेल.

माझी खूण अशी. टेप लावून नळ हातानं फिरवायचा. दीड-दोन फेऱ्या सहज गेला आणि मग हाताला विरोध जाणवू लागला तर बरोबर. शेवटपर्यंत हातानंच गेला तर टेप कमी पडली. पहिल्याच फेरीत अडला तर जास्त झाली. उरलेलं काम पान्याचं, आणि तेही बेतानं.

दोन रिळांच्या भावात फरक चार-पाच रुपयांचा. पाच हजारांच्या मिक्सरला हलकी टेप लावणारे बघितले की मला गंमत वाटते. दुकानदार म्हणून मी दोन्ही ठेवतो, विचारलं तर जड देतो, नाही विचारलं तरी जडच पुढे करतो. काही गिऱ्हाइकांना वाटतं महागातली गळ्यात मारतोय.

६. एकदा आवळलं की मागे फिरवायचं नाही.

या एका नियमासाठी मी आख्खा लेख लिहिला असता.

बिबकॉकचं, म्हणजे भिंतीवरच्या साध्या नळाचं, तोंड खाली यायला हवं. नळ आवळत आणला, चांगला घट्ट झाला, पण तोंड खालच्या ऐवजी घड्याळातल्या आठच्या आकड्याकडे. पुन्हा खाली आणायला जवळजवळ पूर्ण फेरी पुढे न्यावं तर पाना जड जातोय. मग माणूस काय करतो? थोडा मागे घेतो. तोंड सरळ खाली आलं, नळ हलत नाही, सगळे खूश. दुसऱ्या दिवशी फ्लँजच्या खालून एक ओलसर रेघ.

झालेलं असतं असं: नळ पुढे जाताना टेप दाबली गेली, आट्यांच्या पोकळीत बसली. ही टेप रबरासारखी परत फुगत नाही. दाबली ती दाबली. नळ मागे घेतला की त्या दाबलेल्या थरात फट पडते आणि ती भरायला टेपपाशी काही उरलेलं नसतं. पूर्वी आट्यांवर ताग गुंडाळून केलेल्या जोडात पाव फेरी मागे घेतली तरी खपून जायचं, कारण ताग पाण्यानं फुगतो. जुन्या प्लंबरांच्या हाताला तीच सवय आहे, आणि ते टेपलाही त्याच सवयीनं वागवतात. नव्या मुलांनी ती सवय त्यांच्याकडूनच उचलली.

उपाय वेळखाऊ आहे, पण एकच आहे. नळ पूर्ण काढा, टेप पूर्ण काढा, पुन्हा लावा. पुढे जायला जड जात होतं तर या वेळी एक-दोन वेढे कमी, म्हणजे नळ तेवढा पुढे जाईल. फार सहज गेला होता तर दोन वेढे जास्त. चांगले प्लंबर त्याच्याही आधी एक गोष्ट करतात: टेप न लावता नळ कोरडाच फिरवून बघतात, कितव्या फेरीला तोंड खाली येतं ते मनात धरतात, आणि मग टेप किती लावायची ते ठरवतात. आमच्याकडे येणारे एक वयस्कर प्लंबर काका हे इतक्या सहज करतात की, शेजारी उभ्या माणसाला ते नुसतेच नळाशी खेळताहेत असं वाटतं. एकदा घरमालकीणबाई म्हणाल्याही, "काका, लवकर लावा की, पाणी जाईल." काका म्हणाले, "वहिनी, तुम्ही चहा ठेवा, उकळेपर्यंत लागतोय बघा." लागलाही.

७. प्लास्टिकला पितळेचा न्याय लावू नये.

गेल्या वीसेक वर्षांत घराघरांत जीआयच्या, म्हणजे जस्त चढवलेल्या लोखंडी पाइपाच्या, जागी सीपीव्हीसी हा प्लास्टिकचा पाइप आला. पाइप सोल्युशननं चिकटवायचे, आटे फक्त नळाच्या जागी. तिथे जो एल्बो किंवा टी बसतो, त्यात आतले आटे पितळेचे असलेला मिळतो आणि पूर्ण प्लास्टिकचाही मिळतो. प्लास्टिकचा स्वस्त. भिंतीत कायमचा गाडला जाणारा तुकडा स्वस्तातला घ्यायचा आणि बाहेर काढता येणारा नळ महागातला, हे गणित मला आजवर कळलेलं नाही.

प्लास्टिकच्या आतल्या आट्यांत धातूचा नळ आवळला की तो पाचरीचं काम करतो. वर टेपचे पंधरा वेढे असतील तर पाचर आणखी जाड. त्या दिवशी काही होत नाही. प्लास्टिक ताण सोसत राहतं, आणि महिन्यांनी कधीतरी, बहुधा रात्री, उभी चीर जाते. मग फरशी फोडावी लागते. म्हणून प्लास्टिकला टेप मोजकी, हातानं घट्ट झाल्यावर पान्याची एक-दीड फेरी, आणि पाइप पाना तर अजिबात नको; स्क्रू पाना पुरतो. लांब दांड्याचा पाना हातात आला की माणसाला आपला जोर दाखवावासा वाटतोच.

सीपीव्हीसीच्या आट्यांना तेलकट पेस्ट लावू नये, हेही सांगून ठेवतो. काही तेलांनी हे प्लास्टिक ठिसूळ होऊन तडकतं. टेपचा त्याला त्रास नाही.

८. जिथे वॉशर, तिथे टेप नको.

बेसिनखालचा कनेक्शन पाइप, गीझरचा कनेक्शन पाइप, जेट स्प्रेची नळी: या सगळ्यांच्या चाकीत रबराचा वॉशर असतो. पाणी तो वॉशर अडवतो, आटे फक्त त्याला दाबून धरतात. तिथे टेप लावली तर उलट चाकी पूर्ण बसत नाही आणि वॉशर सैल राहतो. गीझरकडचा जोड ठिबकायला लागला की लोक टेप मागायला येतात. मी वॉशर देतो. गरम पाण्यानं रबर कडक होऊन चिरतं. टेपला त्या उष्णतेचं काही नाही, ती ३२७ अंशांपर्यंत वितळत नाही. दोन पाइप जोडणाऱ्या युनियनच्या चाकीलाही टेप नको, तिथे पाणी तिची बैठक अडवते. आरओ फिल्टरच्या दाबून बसवायच्या नळ्यांना तर टेपचा संबंधच नाही.

९. ताग आणि सफेदा अजून मेलेला नाही.

वडिलांच्या काळी दुकानात टेप नव्हती. तागाच्या जुड्या टांगलेल्या असायच्या आणि सफेद्याचे डबे. प्लंबर करवतीच्या पात्यानं आट्यांवर चरे पाडायचा, म्हणजे ताग घसरू नये. मग सफेदा लावून ताग वळवायचा आणि वरून पुन्हा सफेदा. हात, बनियन, भिंत, सगळं पांढरं. जोड मात्र असा बसायचा की नंतर उघडताना पाइप तुटे पण जोड सुटत नसे. हा त्याचा गुण की अवगुण, ते तुम्ही प्लंबरला विचारता की घरमालकाला, यावर आहे.

जाड जीआय, डायनं जागेवर पाडलेले खडबडीत आटे, दोन-अडीच इंची लाइन, इथे अजूनही अनुभवी माणूस तागच मागतो. टेप मोठ्या खडबडीत आट्यांवर फाटते. पण ताग ओला असेपर्यंतच फुगलेला. उन्हाळ्यात दोन महिने घर बंद राहिलं, लाइन कोरडी पडली, ताग सुकून आक्रसला, की सुट्टीवरून परत आल्यावर पहिल्या दिवशी चार ठिकाणी ठिबकतं. घाबरून लगेच भिंत फोडायला काढू नये. कित्येकदा ताग भिजला की आपोआप थांबतं. टेपच्या जोडाला मात्र ही आशा धरू नका. तो आज ठिबकतोय तर उद्याही ठिबकणारच.

आणि जुना सफेदा म्हणजे शिशाचं संयुग. पिण्याच्या पाण्याच्या लाइनला त्या प्रकारचा सफेदा मी तरी देत नाही.

१०. दाब बघितल्याशिवाय जोडाला पास करू नये.

दहा मीटर उंचीच्या पाण्याचा दाब साधारण एक बार. गच्चीवरच्या टाकीखाली लगेच असलेल्या फ्लॅटमध्ये दाब जेमतेम पाव-अर्धा बार, तर तळमजल्यावर सहज दोन. त्यामुळे वरच्या मजल्यावर सुमार जोडही वर्षानुवर्षं कोरडा राहतो आणि घरमालक म्हणतो, आमच्या प्लंबरच्या हाताला काय गुण आहे! मग शॉवर जोरात यावा म्हणून कोणीतरी प्रेशर पंप बसवतं, आणि आठवड्याभरात जेवढे जोड लबाड होते तेवढे सगळे बोलायला लागतात. अशा वेळी लोक पंपाला शिव्या देतात. पंप बिचारा खरं बोलतोय.

म्हणून फरशा बसण्याआधी सगळ्या तोंडांना डमी (तात्पुरती बुचं) लावून लाइन हातपंपानं दाबाखाली ठेवून बघतात, ती चाचणी टाळू देऊ नका. गवंडी घाई करत असतो, टाइल्सवाला उद्यावर टेकलेला असतो, आणि एक रात्र थांबायला कोणी तयार नसतं. दाबमापकाच्या काट्याकडे बघत एक रात्र काढा. फरशी लागल्यावर नळ बाहेर यावा म्हणून जो एक्स्टेंशन निपल घालतात, तिथे एकाच जागी दोन जोड होतात, आणि आतला दिसत नाही. तोच बहुतेक वेळा दगा देतो. खालच्यांच्या छताला पोपडे येतात तेव्हा कळतं. शक्य तर पुरेशा लांबीचा एकच तुकडा घ्या, अर्ध्या इंच लांबीचे दोन जोडत बसू नका; आणि आतल्या आट्यांची टेप बाहेरच्यापेक्षा जास्त काळजीनं लावा.

नुसता नळ बदलला असेल तर वर्तमानपत्राचा कोरडा कागद जोडाखाली टेकवून ठेवावा. हाताला न कळणारी ओल कागदावर डाग पाडते. सेकंदाला एक थेंब म्हणजे दिवसाला कित्येक लिटर. घराला मीटर असेल तर ते बिलात दिसतं, नसेल तर भिंतीत.

११. गॅसला पांढरी टेप लावू नका.

गॅससाठी वेगळी, पिवळ्या रिळाची जाड टेप असते, आणि ती घरच्या माणसानं लावायची वस्तू नाही. पाइपनं येणाऱ्या गॅसचा जोड कंपनीचा माणूस करेल. सिलिंडरच्या रेग्युलेटरला तर टेप लागतच नाही. तिथे वास आला तर खिडक्या उघडा आणि गॅसवाल्याला बोलवा. "जरा टेप द्या, शेगडीच्या नळीला लावायचीय" असं म्हणणाऱ्याला मी टेप विकत नाही.

१२. नळाची धार बारीक झाली तर आधी जाळी काढा.

नवा मिक्सर लावल्यावर दोन दिवसांत धार अर्धी झाली, म्हणजे टेपचे तुकडे जाळीत येऊन बसले. पहिला आटा उघडा ठेवायला सांगितलं ते यासाठी. जुन्या पद्धतीच्या नळात तुकडा पाण्याबरोबर निघून जायचा; आताच्या मिक्सरमध्ये सिरॅमिकच्या चकत्यांचं कार्ट्रिज असतं, त्याच्या भोकात झिरमिळी अडकली की दांडी बंद करूनही पाणी ठिबकत राहतं आणि माणूस सांगत येतो की नवा मिक्सर खराब निघाला. नळ बसवण्यापूर्वी लाइन एकदा बादलीत मोकळी सोडावी, म्हणजे पाइपातला सगळा कचरा निघून जातो. बसवल्यावर जाळी काढून ठेवून पुन्हा मिनिटभर पूर्ण धार सोडावी, गार आणि गरम दोन्ही. मग जाळी धुऊन हातानंच बसवायची. तिच्या आट्यांना टेप नको, आत वॉशर असतो.